कांटचा एकांत

जर्मन तत्त्वज्ञ इमॅन्युएल कांट (१७२४–१८०४) याच्या वक्तशीरपणाच्या कथा सर्वतोमुखी आहेत. परंतु त्यांतून उभे राहणारे एकलकोंड्या, रूक्ष माणसाचे चित्र त्याच्यावर अन्याय करणारे आहे. क्योनिग्सबर्ग (आजचे रशियातील कालिनिनग्राड) या बंदराच्या शहरात वाढलेला कांट तरुणपणी पत्ते, बिलियर्ड्स आणि मेजवान्यांत रमत असे, आणि नेमाची शिस्त त्याने पुढे, जोसेफ ग्रीन या काटेकोर इंग्रज व्यापारी मित्राच्या सहवासात, जाणीवपूर्वक अंगी बाणवली.

पहाटे पाचला लाम्पे हा निवृत्त शिपाई असलेला नोकर त्याला उठवी, आणि मालकाने कितीही विनवले तरी पुन्हा झोपू द्यायचे नाही, अशी मालकाचीच ताकीद असे. त्यानंतरचा पातळ चहा आणि एकदाच ओढायचा तंबाखू ही वेळ इतकी एकट्याची होती, की उतारवयात एका निकटच्या स्नेह्याने समोर बसून सोबत केली, तेव्हा कांट अवघडला आणि त्याने त्याला नजरेआड बसण्याची विनंती केली. कारण अर्ध्या शतकाहून अधिक काळ त्या वेळी त्याच्यासमोर कोणीही बसलेले नव्हते. पुढे विद्यापीठातील व्याख्याने आणि दुपारपर्यंत लेखन. मानवी बुद्धीच्या मर्यादा बुद्धीनेच तपासणारा, १७८१ साली प्रसिद्ध झालेला ‘शुद्ध बुद्धीची मीमांसा’ हा ग्रंथ अशाच सकाळींचे फळ होय.

ही शांतता आपोआप लाभत नव्हती. शेजाऱ्याच्या आरवणाऱ्या कोंबड्यापायी त्याने बिऱ्हाड बदलले, आणि पुढे स्वतःच्या घरालगतच्या तुरुंगातील कैदी उघड्या खिडक्यांतून मोठमोठ्याने भक्तिगीते गाऊ लागले, तेव्हा शहराच्या महापौराकडे तक्रार केली.

तरीही एकांताला त्याने निश्चित हद्द घातली होती, आणि त्याच्या दिनक्रमातील सर्वांत शहाणपणाची गोष्ट तीच म्हणावी लागेल. एकट्याने जेवणे विचारवंताला अपायकारक आहे, कारण एकट्याचे मन जेवतानाही स्वतःलाच कुरतडत राहते आणि विसाव्याऐवजी थकवा पदरी पडतो, असे त्याचे मत होते. म्हणून दुपारी एकचे, दिवसातले एकमेव जेवण पाहुण्यांसह, तासन्‌तास चाले. यजमानासह पंगतीत किमान तीन आणि कमाल नऊ माणसे असावीत, असा त्याचा दंडक होता. व्यापारी, वैद्य, अधिकारी असे नाना व्यवसायांचे लोक तेथे येत, आणि कांट त्यांच्याशी प्रवासवर्णने, राजकारण, खाद्यपदार्थ अशा विषयांवर मनमुराद बोलत असला, तरी स्वतःच्या तत्त्वज्ञानाचा विषय सहसा काढीत नसे.