घरचा कॉम्प्युटर (भाग ११) : मशीन द्या, डिस्क ठेवा

मागच्या आठवड्यात बॅकअपचं पुराण लावलं होतं. ते वाचून ज्यांनी खरंच एक्स्टर्नल डिस्क आणली आणि फोटो त्यावर उतरवून घेतले, त्यांचा पुढचा प्रश्न ठरलेला असतो : आता या जुन्या मशीनचं काय करायचं? हा प्रश्न सध्या घरोघरी आहे. १४ ऑक्टोबर २०२५ ला मायक्रोसॉफ्टने विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट थांबवला. विंडोज ११ ला टीपीएम २.० लागतं आणि प्रोसेसरही बऱ्यापैकी नवा लागतो, इंटेलचा असेल तर साधारण आठव्या पिढीपासून पुढचा. त्यामुळे २०१५-१६ च्या सुमाराला घेतलेली, अजून ठणठणीत चालणारी कितीतरी मशीन्स एका तारखेत म्हातारी ठरली. (त्यातल्या बऱ्याच मशीन्सवर लिनक्स मिंट टाकलं तर आणखी काही वर्षं बिनबोभाट चालतील. पण त्यावर पुढे कधीतरी लिहीन.) मग कुणी मशीन एक्स्चेंजमध्ये देतं, कुणी गावाकडच्या भाच्याला, कुणी कामाला येणाऱ्या मावशींच्या मुलीला शिकायला. उरलेली भंगारवाल्याच्या गाडीवर चढतात.

कुणालाही द्या, चांगलंच आहे. फक्त आतली डिस्क देऊ नका. द्यावीच लागणार असेल तर पुसून द्या.

‘अहो, पण तो बंदच पडलाय, सुरूच होत नाही,’ हे उत्तर मला हमखास ऐकायला मिळतं. डेस्कटॉप बंद पडतो तो बहुतेक वेळा एसएमपीएस गेल्यामुळे, मदरबोर्डवरचे कपॅसिटर फुगल्यामुळे किंवा रॅमच्या पट्टीवर गंज चढल्यामुळे. डिस्क बिचारी शाबूत असते. ती काढून दुसऱ्या मशीनला जोडली की दोन मिनिटांत तुमचे सगळे फोल्डर समोर. विंडोजचा लॉगिन पासवर्ड इथे उपयोगाचा नाही, कारण ज्या विंडोजला तो राखण ठेवला होता ते विंडोज सुरूच होत नाही. दुसऱ्या मशीनचं विंडोज तुमच्या डिस्ककडे फायलींची एक थप्पी म्हणून बघतं.

‘आमच्या कॉम्प्युटरवर असं काय आहे घेण्यासारखं?’ हाही नेहमीचा प्रश्न. एकदा डाउनलोड्सचं फोल्डर उघडून तारखेप्रमाणे लावा आणि शेवटपर्यंत खाली जा. घरातल्या प्रत्येकाचं ई-आधार, तेही तीन-तीनदा उतरवलेलं. पॅनकार्डाचा स्कॅन. इन्कम टॅक्सच्या पावत्या, बँकेची स्टेटमेंट्स, भाडेकराराचा मसुदा, मुलाच्या अॅडमिशनसाठी स्कॅन केलेला जातीचा दाखला. ‘पण ई-आधारला पासवर्ड असतो ना?’ असतो. नावाची पहिली चार अक्षरं कॅपिटलमध्ये आणि पुढे जन्मवर्ष. हे सूत्र सगळ्या देशाला ठाऊक आहे. इन्कम टॅक्सच्या एआयएस फायलीचा पासवर्ड म्हणजे पॅन आणि जन्मतारीख, आणि या दोन्ही गोष्टी बाजूच्याच पॅनकार्डाच्या स्कॅनवर छापलेल्या असतात. असा पासवर्ड ईमेल चुकून भलत्याला गेली तर उपयोगी पडतो. सगळा संसारच ज्याच्या हातात गेला त्याला तो अडवत नाही. जाता जाता एक सुचवतो : जिथे चालत असेल तिथे मास्क केलेलं आधार उतरवून ठेवा. त्यात नंबराचे शेवटचे चारच आकडे दिसतात.

‘मग डिलीट करतो की सगळं. रिसायकल बिनही रिकामी करतो.’

इथे जरा थांबावं लागेल. विंडोजच्या डिस्कवर कोणती फाइल कुठे आहे याची एक यादी असते. तलाठ्याच्या दप्तरातला सातबारा समजा. फाइल डिलीट केली की त्या यादीत ‘ही जागा मोकळी’ एवढीच नोंद होते. जमीन कुणी नांगरत नाही, उभं पीक तसंच राहतं. त्या जागेवर दुसरी फाइल लिहिली जाईपर्यंत जुनी फाइल जशीच्या तशी असते, आणि भरपूर मोकळी जागा असलेल्या डिस्कवर ही वेळ वर्षानुवर्षं येत नाही. क्विक फॉरमॅट केलं तर जुनी यादी जाऊन नवी कोरी यादी येते. शेत तसंच.

यादीशिवाय फायली शोधता येतात. फोटोरेक नावाचं एक मोफत सॉफ्टवेअर यादीकडे ढुंकूनही बघत नाही. ते डिस्क पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचत जातं आणि ओळखीच्या सुरुवाती शोधतं. प्रत्येक जेपीजी फोटो ठरावीक बाइट्सनी सुरू होतो, प्रत्येक पीडीएफच्या तोंडाशी टक्क्याचं चिन्ह आणि पीडीएफ ही तीन अक्षरं असतात. अशी सुरुवात दिसली की तिथून पुढचा मजकूर उचलून फाइल तयार.

आमच्या सोसायटीतल्या एका काकांनी डिस्क ‘फॉरमॅट मारून’ ठेवली होती, भाच्याला द्यायला. त्यांच्याच समोर, त्यांना विचारून, मी तिच्यावर फोटोरेक चालवलं. स्क्रीनवर आकडे चढू लागले. फायलींची नावं गेलेली होती, ‘एफ’ आणि पुढे नुसते आकडे. सुरुवातीला सगळा कचरा : वेबसाइटवरची बटणं, बाणांची चित्रं, कुठल्याशा जाहिरातीतला हसरा चेहरा. काका निवांत झाले. मग मुलीच्या लग्नपत्रिकेचं प्रूफ आलं. मग काकूंच्या एमआरआयचा रिपोर्ट. मग एक वर्ड फाइल उघडली, तर ती गावच्या जमिनीच्या वाटणीबद्दल भावाला लिहिलेलं आणि बहुधा न पाठवलेलं पत्र. काकांनी स्वतःच हात पुढे करून लॅपटॉपचं झाकण लावलं.

ही काही नवी गोष्ट नाही. एमआयटीतल्या सिमसन गार्फिंकेल आणि अभी शेलत यांनी २००३ मध्ये एक निबंध प्रसिद्ध केला होता. त्यांनी जुन्या बाजारातून १५८ डिस्क विकत घेतल्या. त्यातल्या १२९ चालू निघाल्या, आणि नीट पुसलेल्या होत्या फक्त १२. बाकीच्यांत लोकांची पत्रं, वैद्यकीय माहिती, हजारो क्रेडिट कार्डांचे नंबर सापडले. एक डिस्क तर एटीएम मशीनमधली असावी अशी होती, आणि तिच्यावरची माहिती पुसायची तसदी कुणी घेतलेली दिसत नव्हती. तेव्हापासून डिस्कचा आकार कितीतरी पटींनी वाढला. फॉरमॅट मारलं की झालं, हा समज मात्र तसाच आहे.

आता पुसण्याची रीत. मशीन सुरू होत असेल तर विंडोजमध्येच सोय आहे. सेटिंग्जमध्ये रिकव्हरी शोधा, तिथे ‘रीसेट धिस पीसी’ आणि मग ‘रिमूव्ह एव्हरीथिंग’. इथवर बरेच जण येतात आणि पुढे नेक्स्ट नेक्स्ट करत सुटतात. तसं करू नका. मध्ये ‘चेंज सेटिंग्ज’ अशी बारीक अक्षरातली लिंक असते. तिच्यात ‘क्लीन डेटा’चा खटका असतो आणि तो मुळात बंद असतो. तो चालू केल्याशिवाय जुना मजकूर खऱ्या अर्थाने जात नाही. त्याच्याच जवळ कोणते ड्राइव्ह साफ करायचे हेही विचारतात. आपल्याकडे मशीन जोडून देणारा माणूस डिस्कचे सी, डी, ई असे भाग पाडून देतो, आणि ‘फोटो डीमध्ये ठेवा, सी उडाला तरी राहतील’ असा सल्लाही देतो. सल्ला बरोबरच होता. पण त्यामुळेच नुसता विंडोजचा ड्राइव्ह साफ केला तर सी चकाचक होतो आणि सगळे फोटो डीमध्ये सुखरूप राहतात. ‘ऑल ड्राइव्ह्ज’ निवडा. एक्स्टर्नल डिस्क लावलेली असेल तर त्याआधी काढा, नाहीतर बॅकअपवरच पाणी पडायचं. साध्या हार्ड डिस्कला एक टीबीमागे काही तास लागतात. लॅपटॉप असेल तर चार्जर लावून रात्री सोडून द्या.

पस्तीस वेळा पुसावं लागतं, असं कुणीतरी तुम्हाला सांगेल. हा आकडा पीटर गुटमन यांच्या १९९६ च्या एका निबंधातून आला. तेव्हाच्या वेगवेगळ्या जातीच्या डिस्कसाठी वेगवेगळे उपाय त्यात होते, ते लोकांनी एकत्र करून स्तोत्र बनवलं. पुढे खुद्द गुटमननीच सांगितलं की नव्या डिस्कला याची गरज नाही. घरच्या हार्ड डिस्कवर एकदा शून्यं लिहिली की पुरे.

एसएसडीचं गणित वेगळं आहे. एसएसडी आपल्या चिपांवर सारखी झीज व्हावी म्हणून लिहिण्याच्या जागा आतल्या आत बदलत राहते. तुम्ही एखाद्या फाइलवर शून्यं लिहायला गेलात तर ती शून्यं तिसरीकडेच लिहिली जातात. विंडोज ७ पासून डिलीट झालेल्या जागा एसएसडीला कळवल्या जातात आणि ती सवडीने त्या साफ करते, म्हणून साध्या घरगुती एसएसडीतून फायली परत काढणं पुष्कळ अवघड असतं. अवघड असतं एवढंच, हमी नाही. हमी हवी तर डिस्क पहिल्यापासून एन्क्रिप्ट केलेली असावी. मग तिच्यावर जे काही उरेल ते किल्लीशिवाय वाचता येत नाही, आणि मशीन रीसेट करताना किल्लीच नष्ट होते. विंडोज प्रोमध्ये याला बिटलॉकर म्हणतात. होममध्ये, मशीनला जमत असेल तर, ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ असा खटका सेटिंग्जमध्ये मिळतो. चालू केल्यावर ४८ आकड्यांची रिकव्हरी की तयार होते. ती कागदावर लिहून घरातल्या कपाटात ठेवा. मी हे जरा दरडावून सांगतोय, कारण ती की हरवली आणि मशीनने कधी मागितली तर तुमचा डेटा तुम्हालाच मिळणार नाही. नव्या लॅपटॉपवर हे एन्क्रिप्शन बऱ्याचदा आपोआप चालू झालेलं असतं आणि की मायक्रोसॉफ्टच्या अकाउंटमध्ये जाऊन बसलेली असते. अकाउंट कुणाच्या नावाने उघडलंय, दुकानदाराच्या की तुमच्या, हे आजच बघून घ्या.

मॅकवाल्यांना फारसे कष्ट नाहीत. गेल्या काही वर्षांतल्या मॅकवर ‘इरेझ ऑल कंटेंट अँड सेटिंग्ज’ हा पर्याय असतो, तो हेच काम करतो.

मशीन सुरूच होत नसेल तर स्क्रूड्रायव्हर घ्या. भिण्यासारखं काही नाही. मेन स्विच बंद, वायर काढलेली. कॅबिनेटच्या मागच्या बाजूचे दोन स्क्रू काढले की बाजूचा पत्रा मागे सरकतो. आत हात घालण्याआधी कॅबिनेटच्या पत्र्याला एकदा हात लावा, अंगातला स्थिर विद्युतभार उतरतो. हार्ड डिस्क म्हणजे तळहाताएवढा, हाताला जड लागणारा धातूचा डबा. तिला दोन केबल असतात, एक रुंद, वीज देणारी आणि एक अरुंद, डेटाची. दोन्ही सरळ ओढायच्या, वाकवायच्या नाहीत. बाजूंचे स्क्रू काढले की डिस्क हातात येते. लॅपटॉपमध्ये ती पातळ, छोटी असते. नव्या लॅपटॉपमध्ये एमडॉटटू एसएसडी असते, एकाच बारीक स्क्रूने धरलेली. स्क्रू काढला की ती पट्टी आपणहून तिरपी वर उठते.

काढलेली डिस्क चालू असेल तर फेकू नका. मुंबईत लॅमिंग्टन रोडवर, पुण्यात तपकीर गल्लीत किंवा तुमच्या गावच्या कॉम्प्युटरच्या दुकानात यूएसबीची केसिंग मिळते. त्यात बसवली की तुमची एक्स्टर्नल डिस्क तयार. लॅपटॉपच्या डिस्कला यूएसबीचीच वीज पुरते, डेस्कटॉपच्या मोठ्या डिस्कला वेगळा अडॅप्टर लागतो. मशीन ज्याला देताय त्याने नवी एसएसडी घालून घ्यावी. जुन्या मशीनला त्याने जो वेग येतो तो रॅम वाढवून येत नाही, म्हणजे त्याचंही भलंच.

डिस्कच मेली असेल तर ड्रिलने आरपार दोन-तीन भोकं पाडा. डोळ्यांवर चष्मा हवाच, कारण लॅपटॉपच्या डिस्कमधल्या चकत्या बऱ्याचदा काचेच्या असतात आणि फुटून उडतात. एसएसडीत भोक प्रत्येक काळ्या चिपमधून गेलं पाहिजे, नुसत्या हिरव्या पट्टीतून जाऊन उपयोग नाही. फ्रिजवरचं लोहचुंबक फिरवल्याने काही होत नाही. हार्ड डिस्कच्या पोटातच त्याहून कितीतरी जबर चुंबकं असतात. जाळू तर मुळीच नका, धूर विषारी असतो. उरलेलं सगळं ई-कचऱ्यात द्या. १ एप्रिल २०२३ पासून लागू झालेल्या ई-कचरा नियमांनुसार हा कचरा नोंदणीकृत रीसायकलरकडे जायला हवा. बऱ्याच महापालिका आणि संस्था तो गोळा करतात.

आणि ज्यांनी मशीन आधीच देऊन टाकलंय? फोनवरूनही बरंच काही करता येतं. व्हॉट्सॲपमध्ये ‘लिंक्ड डिव्हायसेस’ उघडा आणि त्या कॉम्प्युटरला लॉग आउट करा. गुगल अकाउंटच्या सिक्युरिटीत ‘युअर डिव्हायसेस’ची यादी असते, तिथूनही त्याला बाहेर काढा. ब्राउझरमध्ये जे पासवर्ड साठवले होते ते बदला, सर्वांत आधी ईमेलचा आणि मग बँकेचा, कारण बाकीचे सगळे पासवर्ड ईमेलवरून रीसेट होतात.

आधार-पॅनच्या प्रती गेल्या असतील तर त्या परत आणता येत नाहीत, पण त्यांच्यावर कुणी कर्ज काढायला बघतंय का हे कळू शकतं. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे सिबिल, एक्स्पिरियन, इक्विफॅक्स आणि क्रिफ हाय मार्क या चारही कंपन्यांना वर्षातून एकदा तुमचा पूर्ण क्रेडिट रिपोर्ट फुकट द्यावा लागतो. एकदम चारही घेऊ नका, दर तीन महिन्यांनी एकेक घ्या, म्हणजे वर्षभर लक्ष राहतं. रिपोर्ट उघडल्यावर स्कोअरच्या मोठ्या आकड्यात अडकू नका. सरळ खाली ‘एन्क्वायरी’च्या तक्त्यावर जा. तिथे कोणत्या बँकेने, कोणत्या तारखेला, किती रकमेच्या कर्जासाठी तुमची चौकशी केली ते लिहिलेलं असतं. तुम्ही कधी पायरीही न चढलेल्या फायनान्स कंपनीचं नाव दिसलं तर त्याच साइटवर ‘डिस्प्यूट’ नोंदवा आणि त्या कंपनीलाही लेखी कळवा.

(पुढच्या आठवड्यात : लॅपटॉप रिपेअरला देताना पासवर्ड द्यावा का?)