नर नेचा

पावसाळ्यात जुन्या विहिरीत डोकावून पाहा. दगडांच्या फटींतून हिरवी, कातरल्यासारखी पानं बाहेर आलेली दिसतील. त्या झाडाला नेचा म्हणतात. त्याला फूल येत नाही, फळ धरत नाही, बी पडत नाही. मग ते वाढतं कसं?

आपल्या नेच्याचा एक भाऊबंद युरोपातल्या थंड रानांत असतो. त्याचं नाव नर नेचा. तो कंबरेइतका उंच होतो. मोठा चिवट! हिवाळ्यात त्याची पानं वाळतात, वर बर्फ साचतं, तरी जमिनीतला गड्डा जिवंत राहतो. थंडी सरली की विंचवाच्या नांगीसारखी गुंडाळलेली नवी पानं वर येतात. इंग्लंडातले लोक बागेच्या सावलीतल्या कोपऱ्यात तो मुद्दाम लावतात.

नाव नर, पण तो नर नव्हे. दुसरा एक नाजूक नेचा आहे, त्याला मादी म्हणत. हा दणकट, म्हणून नर! नाव ठेवणारांनी नुसती अंगकाठी पाहिली.

पूर्वी इंग्लंडात लोक म्हणत, नेच्याला बी असतंच, पण ते दिसत नाही. ते ज्याला सापडेल तोही दिसेनासा होईल! खरी गोष्ट पानाच्या पाठीवर आहे. तिथे तपकिरी ठिपके असतात. त्यांतून बारीक पूड उडते. ओल्या मातीत तिच्या एका कणातून नखाहून लहान हिरवी चकती उगवते. नर आणि मादी हा भेद त्या चकतीवर असतो. तिथल्या पाण्याच्या थेंबात दोन्हींचा मेळ होतो, आणि मग नवा नेचा उगवतो. हा उलगडा १८५१ साली हॉफमाइस्टर या जर्मन शास्त्रज्ञाने केला. पाण्यावाचून मेळ नाही, म्हणून नेचा ओल शोधतो.

याच्या गड्ड्याचं औषधही होतं. पोटात पट्टकृमी, म्हणजे फितीसारखा लांब जंत झाला की ते देत. १७७५ साली फ्रान्सच्या सोळाव्या लुई राजाने हे गुप्त औषध एका बाईकडून १८,००० लिव्ह्र, म्हणजे तिथल्या तेव्हाच्या नाण्यांत मोठी रक्कम, देऊन विकत घेतलं. पण औषध विषारी. मात्रा थोडी जास्त झाली की डोळे जात, कधी माणूसही जाई. जंत पडावा म्हणून वर एरंडेल दिलं तर आणखी वाईट. तेलात ते विष विरघळतं आणि अंगात भिनतं. आता पट्टकृमीवर दवाखान्यात गोळ्या मिळतात, त्यामुळे हा गड्डा कोणी उकरत नाही.

विहिरीतला नेचा त्याच कुळातला दिसला, तरी त्याचा काढा कोणी करू नये.