कान नव्हे, अख्खं शरीर ऐकतं! कर्णबधिर वादकांना ताल कसा कळतो?

गणपतीच्या मिरवणुकीत ढोल पथकाच्या शेजारी उभं राहिलं की छातीत धडधड जाणवते. कानांवर हात ठेवले तरी ती थांबत नाही. जगप्रसिद्ध तालवादक एव्हलिन ग्लेनी अशाच कंपनांतून संगीत ऐकतात.

कोण आहेत ग्लेनी?
जन्म १९६५चा, स्कॉटलंडमधला. आठव्या वर्षापासून ऐकू येणं कमी होत गेलं आणि बाराव्या वर्षापर्यंत त्या तीव्र कर्णबधिर झाल्या. त्याच सुमारास त्यांनी शाळेत तालवाद्यं शिकायला घेतली.

त्या शिकल्या कशा?
शिक्षक टिंपनी हे मोठं नगाऱ्यासारखं वाद्य वाजवायचे आणि एव्हलिन वर्गाच्या भिंतीला हात टेकून उभ्या राहायच्या. खालचे स्वर पायांत, तर वरचे चेहरा, मान आणि छातीत जाणवतात, हे त्यांना हळूहळू कळू लागलं. म्हणूनच त्या अनेकदा अनवाणी वाजवतात.

विज्ञान काय सांगतं?
आवाज म्हणजे कंपनंच. कानाला साधारण २० ते २०,००० हर्ट्झपर्यंतची कंपनं कळतात, त्वचेला सुमारे १,००० हर्ट्झपर्यंतची. त्यामुळे ढोल अंगाला लगेच जाणवतो, बासरीचा अगदी वरचा सूर नाही. अमेरिकेत २००१मध्ये मेंदूचे स्कॅन करून एक अभ्यास झाला. हातात कंपन होताच कर्णबधिर व्यक्तींच्या मेंदूतला एरवी ऐकण्याचं काम करणारा भागही सक्रिय झाल्याचं त्यात दिसलं.

मग अडचण कुठे आली?
प्रवेशाच्या वेळी. कर्णबधिर वादकाच्या भवितव्याचा अंदाज नाही, असं सांगत लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकने आधी नकार दिला. ग्लेनी यांनी तो मान्य केला नाही. माझं वादन पाहून ठरवा, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. दुसऱ्या ऑडिशननंतर प्रवेश मिळाला.

पुढे काय झालं?
१९८९मध्ये ग्रॅमी, २०१५मध्ये पोलार म्युझिक प्राइझ. २०१२च्या लंडन ऑलिंपिकच्या उद्घाटनात तर एक हजार ढोलवादकांचं नेतृत्व त्यांनीच केलं.

'याला ऐकू येत नाही, संगीत काय शिकणार?' असं म्हणत एखाद्या मुलाला वर्गाबाहेर बसवण्याआधी एकदा त्याचा हात तबल्याच्या अंगाला लावून पाहा.