बारी नव्या गाण्याची

आळंदीची कार्तिकी गायकवाड, पुण्याची आर्या आंबेकर, अलिबागची मुग्धा वैशंपायन, लातूरचा रोहित राऊत आणि आरवलीचा प्रथमेश लघाटे. झी मराठीवरच्या ‘सारेगमप लिटिल चॅम्प्स’च्या २००८-०९ च्या पर्वात शेवटपर्यंत टिकलेली ही पाच मुलं. महाराष्ट्र त्यांना नावाआधी गाव लावून ओळखू लागला. आरवली हे संगमेश्वर तालुक्यातलं, मुंबई-गोवा महामार्गावरचं, गरम पाण्याच्या कुंडांचं गाव. तिथला शाळकरी मुलगा अभंग आणि नाट्यगीतं अशी तब्येतीत गातोय म्हटल्यावर अख्ख्या रत्नागिरी जिल्ह्याने त्याला आपला उमेदवार करून टाकलं. अवधूत गुप्ते आणि वैशाली सामंत सुरांच्या अक्षरांत गुण देत होते, कमलेश भडकमकरांचा वाद्यवृंद साथीला होता. प्रथमेशचा ‘मोदक’ झाला, मुग्धाची ‘मॉनिटर’ झाली. फेब्रुवारी २००९ मध्ये कार्तिकी विजेती ठरली. पुढे कितीतरी दिवस आपल्या मुलाला मतं कमी कशी पडली याचा हिशेब गावोगाव चालू होता.

गावाच्या नावाने गाणं आणि मत यांची अशी सांगड युरोपने फार आधी, देशांच्या पातळीवर घातली होती. युरोव्हिजन गीतस्पर्धेची पहिली फेरी २४ मे १९५६ रोजी स्वित्झर्लंडमधल्या लुगानो इथे झाली. महायुद्ध संपून जेमतेम अकरा वर्षं झाली होती. एकमेकांचे मुलूख बेचिराख केलेल्या देशांच्या प्रसारण संस्थांनी एकाच वेळी एकच कार्यक्रम दाखवायचा, हा त्यामागचा विचार. नमुना होता इटलीतल्या सानरेमो महोत्सवाचा. पहिल्या वर्षी सात देश आले आणि यजमान स्वित्झर्लंडच्या लिस आसियाने बाजी मारली. १९७४ साली ब्रायटनमध्ये स्वीडनचा आब्बा हा चमू जिंकला आणि पुढे जगभर गाजला.

मला मात्र त्या स्पर्धेच्या झगमगाटापेक्षा तिचे नियम महत्त्वाचे वाटतात. गाणं नवं हवं. ते तीन मिनिटांत संपलं पाहिजे. आणि प्रेक्षकाला स्वतःच्या देशाला मत देता येत नाही. म्हणजे पोर्तुगालच्या माणसाला आपलं गाणं कितीही आवडलं तरी कौल दुसऱ्याच्या गाण्याला द्यावा लागतो, त्यासाठी ते ऐकावं लागतं. शेजारधर्म तिथेही सुटत नाही. ग्रीस आणि सायप्रस एकमेकांच्या पदरात भरभरून गुण टाकतात, हे तिथल्या प्रेक्षकांना पाठ आहे. तरीही छोट्या भाषांना तिथे दाद मिळते. १९६४ पासून भाग घेणारा पोर्तुगाल २०१७ साली पहिल्यांदा जिंकला तो पोर्तुगीज भाषेतल्या संथ, साध्या गाण्यावर. त्याआधीच्या वर्षी युक्रेनच्या जमालाने आपल्या पणजीच्या पिढीला क्रिमियातून हद्दपार केल्याची कथा गायली, त्यातला काही भाग क्रिमियन तातार भाषेत होता. मूठभर लोकांची ती भाषा त्या रात्री कोट्यवधींच्या कानांवर पडली.

आपल्याकडे स्पर्धा गायकाची असते, गाणं आधीच गाजलेलं असतं. आरवलीच्या मुलाने नाट्यगीत गायलं की ऐकणारा मनातल्या मनात ते मूळ गायकाशी ताडून पाहतो. याचा फायदा झाला, हे मान्य केलंच पाहिजे. त्या पर्वामुळे कितीतरी घरांत पेटी पुन्हा खाली उतरली, दहा-बारा वर्षांच्या मुलांच्या तोंडी नाट्यपदं आली. पण त्या वर्षात नवं गाणं किती जन्माला आलं? २०२१ मध्ये हीच पाच मुलं मोठी होऊन ‘लिटिल चॅम्प्स’च्या परीक्षकांच्या खुर्चीत बसली, तेव्हाही समोरची मुलं बहुतेक जुनीच गाणी गात होती.

रत्नागिरीत तर हे अधिकच खटकतं, कारण नव्या गाण्याची स्पर्धा ही इथली जुनी रीत आहे. गणपतीत जाखडी पाहिलेल्याला वेगळं सांगायला नको. पायात घुंगरू बांधलेले गडी गोल धरून नाचतात, मधे शाहीर, ढोलकी आणि झांज. बारी असते शक्तीवाले आणि तुरेवाले यांच्यात. शक्तीवाले आदिशक्तीला थोर मानतात, तुरेवाले शिवाला. आधी गणपतीचं स्तवन होतं, मग गौळण, आणि मग खरी जुगलबंदी: एका शाहिराने पुराणातला सवाल गाण्यातून टाकायचा, दुसऱ्याने गाण्यातूनच त्याचं उत्तर द्यायचं. इथे दुसऱ्याचं गाणं उसनं आणून भागत नाही. शाहीर दर हंगामाला नवं रचतो, त्यात यंदाची महागाई येते, मुंबईला गेलेला मुलगा येतो. उत्तर अडलं तर पुढ्यात बसलेली माणसं तिथल्या तिथे दाखवून देतात. मुंबईच्या चाकरमान्यांनी हीच बारी परळच्या दामोदर नाट्यगृहापर्यंत नेली. खाली सिंधुदुर्गात डबलबारी भजनात दोन बुवा रात्र रात्र असेच भिडतात.

नाट्यसंगीताचंही तेच. आज आपण ज्याला जुनं म्हणून जपतो ते कधीकाळी नवंकोरं होतं. सावरकर १९२४ ते १९३७ रत्नागिरीत स्थानबद्ध होते. त्या काळात त्यांनी लिहिलेलं ‘संन्यस्त खड्ग’ १९३१ साली दीनानाथ मंगेशकरांच्या बलवंत संगीत मंडळीने रंगभूमीवर आणलं, पदांच्या चाली वझेबुवांच्या. आज इथली ‘खल्वायन’ ही संस्था संगीत नाटकासाठी झटते, थिबा राजवाड्याच्या आवारात आर्ट सर्कलचा संगीत महोत्सव रंगतो. कान तयार असलेला श्रोता या गावात आहे. उणीव आहे ती नव्या रचनेला व्यासपीठ देण्याची.

म्हणून एक सुचवतो, आणि ते मनापासून सुचवतो. दूरदर्शनच्या सह्याद्री वाहिनीने दरवर्षी महाराष्ट्राच्या छत्तीसही जिल्ह्यांकडून एकेक नवं गाणं मागवावं. गीतकार, संगीतकार, गायक त्याच जिल्ह्याचे. वेळ तीन मिनिटं. भाषा संगमेश्वरी, मालवणी, आगरी, अहिराणी, वऱ्हाडी, ज्याला जी येते ती. आणि स्वतःच्या जिल्ह्याला मत द्यायची मुभा कोणालाच नको. रत्नागिरीकराने नंदुरबारचं गाणं ऐकून त्याला मत द्यावं, लातूरकराने संगमेश्वरी बोलीतलं गाणं ऐकावं. वाहिनी हलेपर्यंत थांबायचंही कारण नाही. येत्या गणपतीत आपल्या वाडीतल्या मंडळाने स्पर्धा ठेवली, तर पत्रकावर एक अट छापावी: गाणं नवं हवं.