अफगाण युद्धविषयक हेरपट

अफगाणिस्तानात १९७९ ते २०२१ या काळात झालेल्या युद्धांतील हेरगिरी, गुप्तवार्तासंकलन आणि प्रच्छन्न लष्करी साहाय्य यांवर आधारलेले कथापट. सर्वसामान्य युद्धपटांपासून त्यांचे वेगळेपण असे, की त्यांत लढाईपेक्षा लढाईमागील व्यवहाराला महत्त्व असते : शस्त्रे कोणी पुरविली, पैसा कोणत्या मार्गाने गेला, खबर कोणी आणली व ती कितपत खरी होती. हा व्यवहार स्वभावतःच अदृश्य असतो. त्याची कागदपत्रे दीर्घकाळ बंदिस्त राहतात आणि साक्षीदार बहुधा हेरसंस्थांचेच आजी-माजी अधिकारी असतात. त्यामुळे या चित्रपटांचा इतिहास हा बऱ्याच अंशी त्यांना माहिती कोणी पुरविली, याचा इतिहास आहे. ज्या अफगाण खबऱ्यांच्या, वाटाड्यांच्या व दुभाष्यांच्या आधारावर हे काम चालले, त्यांची बाजू पडद्यावर क्वचितच आली.

या प्रकाराची पूर्वपीठिका ब्रिटिश साम्राज्याच्या वायव्य सरहद्दीवरील चित्रपटांत सापडते. एकोणिसाव्या शतकात मध्य आशियात ब्रिटन व रशिया यांच्यात चाललेल्या हेरांच्या चढाओढीचा वारसा त्यांना लाभला होता. झोल्टान कोर्डा यांच्या द ड्रम (१९३८) या चित्रपटात सरहद्दीवर चोरून येणाऱ्या शस्त्रांचा माग काढणारा ब्रिटिश अधिकारी आहे. त्यातील पठाणांच्या व मुसलमानांच्या चित्रणावरून मुंबईत त्याच वर्षी तीव्र निदर्शने झाली व चित्रपट मागे घ्यावा लागला. किपलिंगच्या कादंबरीवरील किम (१९५०) या चित्रपटात महबूब अली हा अफगाण घोडेव्यापारी मुरब्बी हेर असून बालनायकाचा गुरूही आहे. ही भूमिका एरल फ्लिन या पाश्चात्त्य नटाने केली, हे खरे. तथापि हेरगिरीतील जाणतेपण अफगाण पात्राकडे सोपविण्याचा हा प्रकार पुढील चित्रपटांतून जवळजवळ नाहीसाच झाला. त्यांतील अफगाण हा बहुधा शूर टोळीप्रमुख, वाटाड्या किंवा विश्वासघातकी असतो. योजना आखणारा मात्र परकीयच.

सोव्हिएट सैन्याने २७ डिसेंबर १९७९ रोजी काबूलमधील ताजबेग राजवाड्यावर हल्ला करून राष्ट्राध्यक्ष हफिझुल्ला अमीन यांना ठार केले. त्या कारवाईत के. जी. बी. या सोव्हिएट गुप्तवार्तासंघटनेच्या खास पथकांचा प्रमुख सहभाग होता. उलटपक्षी अमेरिकेच्या सी. आय. ए. या संघटनेने पाकिस्तानच्या आय. एस. आय. मार्फत मुजाहिदीनांना शस्त्रे व पैसा पुरविला. शस्त्रे कोणत्या गटाला द्यावयाची, हे मुख्यतः पाकिस्तानी अधिकारी ठरवीत. खांद्यावरून डागता येणारी स्टिंगर क्षेपणास्त्रे १९८६ पासून वापरात आली. फेब्रुवारी १९८९ मध्ये सोव्हिएट सैन्याची माघार पूर्ण झाली.

युद्ध चालू असतानाच निघालेल्या पाश्चात्त्य चित्रपटांत या गुंतागुंतीचा मागमूस नाही. जॉन ग्लेन दिग्दर्शित द लिव्हिंग डेलाइट्स (१९८७) मध्ये जेम्स बाँड हा हेर ऑक्सफर्डमध्ये शिकलेल्या एका मुजाहिदीन नेत्याच्या साहाय्याने सोव्हिएट विमानतळावर हल्ला करतो. अफू, शस्त्रास्त्रे व फितूर सेनाधिकारी यांच्या साखळीचे त्यातील चित्रण मनोरंजनाच्या भरात का होईना, वास्तवाला स्पर्श करून जाते. पीटर मॅक्डॉनल्ड दिग्दर्शित रॅम्बो ३ (१९८८) हा त्या काळातील अत्यंत खर्चिक चित्रपटांपैकी एक होय. स्टिंगर पोहोचविण्याच्या कामात पकडला गेलेला आपला जुना वरिष्ठ सोडविण्यासाठी नायक एकटाच अफगाणिस्तानात शिरतो व तू पकडला गेलास तर शासन हात झटकील, असे त्याला आधीच बजावण्यात येते. नाकबुलीचे हे एकच सूत्र वगळता चित्रपट सर्वस्वी मारधाडीचा आहे. तो प्रदर्शित झाला त्याच महिन्यात सोव्हिएट माघारीस प्रारंभ झाल्यामुळे त्याचा विषयच शिळा ठरला. या चित्रपटाची अर्पणपत्रिका मूळची मुजाहिदीनांना उद्देशून होती व २००१ नंतर ती बदलण्यात आली, ही सार्वत्रिक समजूत निराधार आहे. १९८८ मधील मूळ प्रतींतही तो अफगाण जनतेलाच अर्पण केलेला होता.

शस्त्रपुरवठ्याची हकीकत प्रत्यक्ष पडद्यावर येण्यास त्यानंतर सु. वीस वर्षे लागली. माइक निकल्स दिग्दर्शित चार्ली विल्सन्स वॉर (२००७) हा जॉर्ज क्राइल यांच्या २००३ मधील ग्रंथावर आधारलेला असून त्याची पटकथा ॲरन सॉर्किन यांची आहे. टेक्सस राज्यातील काँग्रेस-सदस्य चार्ल्स विल्सन (टॉम हँक्स) व सी. आय. ए. चा अधिकारी गस्ट ॲव्हराकोटोस (फिलिप सेमूर हॉफमन) हे दोघे मिळून या गुप्त कारवाईचा निधी काही दशलक्ष डॉलरवरून सौदी अरेबियाच्या भागीदारीसह एक अब्ज डॉलरपर्यंत नेतात. गुप्त युद्ध हे मूलतः समित्यांच्या बैठका, अर्थसंकल्पातील तरतुदी आणि मेजवान्यांतील बोलणी यांतून घडते, ही गोष्ट इतक्या चटकदारपणे क्वचितच दाखविली गेली असेल. पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये शिक्षण घेतलेल्या ओम पुरी यांनी यात झिया-उल-हक यांची भूमिका मोजक्या पण ठसठशीत रेषांनी उभी केली. मात्र कथा मुख्यतः दोघा अमेरिकन कर्त्यांच्या दृष्टीने सांगितली असल्याने आय. एस. आय. चा निर्णायक वाटा जवळजवळ दिसतच नाही. मदतीचा मोठा हिस्सा गुलबुद्दीन हिकमतयार यांच्यासारख्या कडव्या गटांकडे गेला, हेही वगळले गेले. चित्रपटाच्या अखेरीस विल्सन शाळांसाठी किरकोळ रक्कम मागतो व ती नाकारली जाते. त्यामुळे चूक केवळ युद्धोत्तर दुर्लक्षाची होती असा समज होतो. साहाय्य कोणाला दिले, हा अधिक अवघड प्रश्न बाजूलाच राहतो.

सोव्हिएट बाजूस युद्धकाळात अली हमरायेव्ह यांच्या काबूलमध्ये घडणाऱ्या हॉट समर इन काबूल (१९८३) यासारखे, सोव्हिएट डॉक्टरांचे सेवाकार्य दाखविणारे चित्रपट निघाले. हेरखात्याचा विषय वर्ज्य होता. पाव्हेल लुंगिन यांचा ब्रात्स्त्वो (म्हणजे ‘बंधुत्व’, २०१९) हा त्या दृष्टीने महत्त्वाचा होय. अफगाणिस्तानात काम केलेले व पुढे रशियाच्या एफ. एस. बी. या संघटनेचे प्रमुख झालेले निकोलाय कोव्हाल्यॉव्ह यांच्या आठवणींवर तो आधारलेला आहे. माघारीच्या काळात एका सेनापतीचा वैमानिक मुलगा मुजाहिदीनांच्या हाती सापडतो. त्याच्या सुटकेसाठी के. जी. बी. चे अधिकारी त्यांच्याशी वाटाघाटी करतात आणि त्याच वेळी परतीच्या वाटेवर हल्ला होऊ नये म्हणून सौदाही ठरवितात. येथे हेर हा शत्रूशी बोलणारा माणूस आहे; त्याचे खरे साधन पिस्तूल नसून दिलेला शब्द आहे, आणि तो शब्द त्याचेच वरिष्ठ मोडू शकतात. सोव्हिएट सैनिकांची लूटमार दाखविल्याबद्दल काही माजी सैनिकांच्या संघटनांनी चित्रपटास विरोध केला. विजयदिनास धक्का लागू नये म्हणून त्याचे प्रदर्शन ९ मेवरून एक दिवस पुढे ढकलण्यात आले. या प्रकारातील उत्तम चित्रपटांत त्याची गणना करावी लागेल.

अमेरिकेवरील ११ सप्टेंबर २००१ च्या हल्ल्यांनंतर २६ सप्टेंबर रोजी सी. आय. ए. चे पहिले पथक पंजशीर खोऱ्यात उतरले. त्याच्याजवळ तीस लाख डॉलरची रोकड होती व टोळीप्रमुखांना वळवून घेणे, हे त्याचे पहिले काम होते. निकोलाय फुग्लसिग यांच्या १२ स्ट्राँग (२०१८) या चित्रपटाने त्या मोहिमेतील घोडेस्वार सैनिकांचे पराक्रम रंगविले. पैशाच्या थैल्या मात्र पार्श्वभूमीलाच राहिल्या.

कॅथरिन बिगेलो दिग्दर्शित झीरो डार्क थर्टी (२०१२) हा या काळातील सर्वाधिक वादग्रस्त चित्रपट होय. ओसामा बिन लादेनच्या निरोप्याचा माग काढणाऱ्या एका स्त्री-विश्लेषकाची (जेसिका चॅस्टेन) ही कथा असून मार्क बोल यांनी ती हेरखात्यातील व्यक्तींच्या मुलाखतींवरून लिहिली. कैद्यांच्या छळातून महत्त्वाचा धागा मिळाला असे तीत सूचित होते. डिसेंबर २०१२ मध्ये डायॅन फाइनस्टाइन, कार्ल लेव्हिन व जॉन मकेन या सिनेट-सदस्यांनी निर्मितीसंस्थेस पत्र लिहून त्यावर आक्षेप घेतला. पुढे २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या सिनेट समितीच्या अहवालानेही छळाची उपयुक्तता नाकारली. पटकथेतील काही प्रसंग हेरखात्याच्या सूचनेवरून वगळले वा बदलले गेले होते, हे २०१३ मध्ये खुल्या झालेल्या कागदपत्रांवरून दिसून आले. कथा पुरविणाऱ्यानेच ती तपासूनही दिली, असा याचा अर्थ होतो. असे असले, तरी खोस्त येथील प्रसंग अविस्मरणीय आहे. ३० डिसेंबर २००९ रोजी अल्-कायदात शिरकाव केलेला खबऱ्या म्हणून ज्याच्यावर भिस्त ठेवली, त्या जॉर्डनच्या डॉक्टरने तळावर पोहोचताच स्फोट घडविला व सी. आय. ए. ची सात माणसे मारली गेली. त्याच्या स्वागतासाठी केक तयार होता आणि विश्वास दर्शविण्यासाठी फाटकावरील झडती टाळली होती. खबऱ्यावर किती विश्वास ठेवावा, हा हेरगिरीतील मूळ पेच येथे एका शब्दाचेही भाष्य न करता उभा राहतो.

भारतीय चित्रपटांपैकी कबीर खान यांचा काबूल एक्सप्रेस (२००६) प्रत्यक्ष अफगाणिस्तानात चित्रित झाला. तालिबानी म्हणून वावरणारा एक पाकिस्तानी सैनिक सरहद्द गाठू पाहतो. त्याचा देश मात्र आपली माणसे तेथे असल्याचेच नाकारतो. सलमान शाहिद यांनी हा कैचीत सापडलेला माणूस सहृदयतेने साकारला आहे. हजारा समाजाविषयीच्या अवमानकारक उद्गारांमुळे अफगाण शासनाने चित्रपटावर बंदी घातली. कमल हासन यांच्या विश्वरूपम् (२०१३) चा नायक भारतीय हेर म्हणून अल्-कायदात शिरतो. मुस्लिम संघटनांच्या विरोधामुळे तमिळनाडूत त्याच्यावर बंदी आली व काही दृश्यांतील ध्वनी वगळल्यानंतर तो तेथे प्रदर्शित झाला. श्रीराम राघवन यांच्या एजंट विनोद (२०१२) मध्ये अफगाणिस्तान केवळ प्रारंभापुरताच येतो.

पडद्यावरील अफगाणिस्तान बहुधा दुसऱ्याच देशाचा असतो. द लिव्हिंग डेलाइट्स व चार्ली विल्सन्स वॉर यांसाठी मोरोक्को, रॅम्बो ३ साठी मुख्यतः इझ्राएल, १२ स्ट्राँगसाठी न्यू मेक्सिको, तर कंदहार (२०२३) साठी सौदी अरेबियातील अल्-उला हे प्रदेश निवडण्यात आले. झीरो डार्क थर्टीमधील पाकिस्तान चंडीगढमध्ये उर्दू पाट्या लावून उभा केला होता आणि त्यावरून तेथे निदर्शनेही झाली. कंदहार (याच नावाचा मोहसेन मखमलबाफ यांचा २००१ मधील इराणी चित्रपट वेगळा) हा एका माजी लष्करी गुप्तवार्ता अधिकाऱ्याच्या पटकथेवर बेतलेला असून त्यात उघडकीस आलेला परकीय हेर व त्याचा अफगाण दुभाषी हेरातहून कंदहारकडे पळतात. पाठलाग ठराविक साच्याचा आहे. परंतु परकीयांसाठी काम केल्याची दुभाष्याला द्यावी लागणारी किंमत त्यात निदान उच्चारली जाते. चित्रणापूर्वी काही महिने, १५ ऑगस्ट २०२१ रोजी काबूल पुन्हा तालिबानच्या हाती गेले होते व परकीय सैन्यासाठी काम केलेले हजारो दुभाषी मागेच राहिले होते.

अफगाण लोकांनी स्वतः या विषयावर काही केले नाही, असे मात्र नाही. ‘अफगाण फिल्म’ या शासकीय संस्थेत साम्यवादी राजवटीत काढलेले पाच कथापट अपुरे राहिले. मरियम गनी यांच्या व्हॉट वुई लेफ्ट अनफिनिश्ड (२०१९) या माहितीपटात त्यांचे अंश व कलावंतांच्या मुलाखती पाहावयास मिळतात. त्यांपैकी लतीफ अहमदी दिग्दर्शित एकाचे नाव एजंट (१९९१) असे आहे. त्या वेळचे राष्ट्राध्यक्ष नजीबुल्ला हे १९८० ते १९८५ या काळात ‘खाद’ या अफगाण गुप्तवार्तासंघटनेचे प्रमुख होते. एप्रिल १९९२ मध्ये त्यांची राजवट कोसळली. १९९६ मध्ये तालिबान प्रथम सत्तेवर आल्यानंतर संस्थेच्या कर्मचाऱ्यांनी चित्रपटांच्या मूळ प्रती एका खोट्या भिंतीमागे दडवून ठेवल्या आणि त्यामुळे त्या जळण्यापासून वाचल्या.