दाव्याचें मोल आणि कोर्टाची फी

शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, असें आपल्याकडे वडीलधारीं माणसें सांगत आलीं आहेत. परंतु घराचा, वाटपाचा किंवा गहाणाचा तंटा दाराशीं येऊन उभा राहिला, म्हणजे शहाण्यालाही ती पायरी चढावी लागते; आणि तेथें पहिला प्रश्न पडतो तो फीचा. वकिलाचा मेहनताना निराळा. ही फी सरकारची. ती कशी ठरते, याची आज थोडी ओळख करून घेऊं.

या विषयाचा मूळ कायदा १८७० सालचा. सर्वोच्च न्यायालयाखेरीज इतर न्यायालयांची फी हा राज्यघटनेप्रमाणें राज्यांचा विषय आहे. आपल्या राज्यांत १९५९ चा कायदा चालतो. तपशील प्रांतोप्रांतीं निराळे असले, तरी सूत्र एकच: भांडण केवढें आहे यापेक्षां वादी कोर्टाजवळ काय मागतो, यावर फी ठरते.

एक घर घ्या. त्याच्या किंमतीवर पूर्ण फी एक लाख रुपये होते असें समजूं. ‘हें घर माझें आहे एवढें जाहीर करा,’ इतकीच वादीची मागणी असेल, तर महाराष्ट्राच्या कायद्याप्रमाणें पूर्ण फीचा चौथा हिस्सा, म्हणजे २५,००० रुपये पडतील. त्याच्या जोडीला मनाई हुकूम मागितला, तर निम्मी फी, ५०,००० रुपये. आणि घराचा ताबाही मागितला, तर पुरे एक लाख. घर तेंच, पक्षकार तेच. मागणी वाढली तशी फी वाढली.

येथें कित्येकांस मोह होतो. ताबा दुसऱ्याकडे असतांही केवळ मालकी जाहीर करून मागावी आणि तीन हिस्से फी वांचवावी, असें त्यांना वाटतें. परंतु १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचें ३४ वें कलम आडवें येतें. जो वादी पुढची दाद मागूं शकत असतांना ती मागत नाहीं, त्याला नुसतें जाहीरनाम्याचें फळ कोर्ट देत नाहीं. म्हणजे वांचविलेल्या ७५,००० रुपयांपायीं सगळा दावाच हातचा जावयाचा! शिवाय कोर्ट शब्दांच्या चतुराईला भुलत नाहीं. वादपत्र साकल्यानें वाचून खरी मागणी कोणती तें पाहतें. फी कमी भरली असेल तर ती पुरी करण्यास मुदत देतें. त्या मुदतींत भरली नाहीं, तर वादपत्र फेटाळलें जातें.

वाटपाच्या दाव्यांत सगळ्या वाड्याची किंमत धरीत नाहींत. वादी जो हिस्सा मागतो, त्याच्याच किंमतीवर हिशेब होतो.

गहाणाची गोष्ट याहून निराळी आहे. समजा, २००० सालीं दोन लाख रुपयांस घर गहाण टाकलें आणि आज त्याची किंमत ऐंशीं लाख झाली. तें सोडवून घेण्याचा दावा लावतांना फी ऐंशीं लाखांवर नाहीं. १८७० च्या कायद्याचें सूत्र असें कीं, गहाणखतांत लिहिलेली मुद्दल तीच धरावी. हें न्याय्यच आहे; कारण गहाण टाकल्यानें मालकी संपत नाहीं, कर्ज तेवढें फेडावयाचें असतें. मात्र सावकार गहाणाच्या रकमेच्या वसुलीसाठीं आला, तर तो मुद्दल व व्याज मिळून जेवढी रक्कम मागेल तेवढीवर फी देतो.

पण खत नीट वाचलें पाहिजे. ‘पैसे परत केल्यास घर परत’ ही अट विक्रीच्या त्याच खतांत नसून वेगळ्या कागदावर असेल, तर १९२९ च्या दुरुस्तीपासून कायदा त्या व्यवहारास गहाण मानीत नाहीं. मग दाव्याचें स्वरूप बदलतें, आणि फीही.

हा बोजा ज्यांना झेपत नाहीं, त्यांना कायद्यानें वाट ठेवली आहे. फी देण्याची ऐपत नसलेला मनुष्य दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ३३ व्या आदेशान्वयें निर्धन म्हणून दाव्याची परवानगी मागूं शकतो. ऐपत पाहतांना वादांतली मालमत्ता हिशेबांत घेत नाहींत. महाराष्ट्रांत १९९४ च्या अधिसूचनेनें मालमत्तेच्या कांहीं वादांत स्त्रियांना फीची माफी दिली आहे. ती आपल्या दाव्यास लागू पडते कीं काय, हें वकिलास आरंभींच विचारावें. लोकअदालतींत तडजोड झाली, तर भरलेली फी परत मिळते. आणि दावा जिंकल्यास ती खर्चाच्या रूपानें प्रतिपक्षाकडून मिळूं शकते.

तेव्हां वकिलाकडे जातांना ‘फी किती पडेल?’ हा प्रश्न दुसरा ठेवावा. ‘मला नेमकें काय हवें आहे, नांव, ताबा, हिस्सा कीं गहाणाची सुटका?’ हा प्रश्न घरींच बसून, कागद समोर घेऊन, आधीं स्वतःला विचारावा. त्याचें उत्तर स्पष्ट झालें, म्हणजे फीचा हिशेब सोपा होतो, आणि दावाही सरळ मार्गानें चालतो.