पीसीओएस किती स्त्रियांमध्ये आढळतो?

“डॉक्टर, हे मलाच का झालं?” पीसीओएसचे निदान झाल्यावर अनेक मुली हा प्रश्न विचारतात. प्रत्यक्षात हा आजार सर्रास आढळतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार प्रजननक्षम वयातील १० ते १३ टक्के स्त्रियांना पीसीओएस असतो आणि त्यांपैकी ७० टक्क्यांपर्यंत स्त्रियांचे निदानच झालेले नसते.

प्रौढ स्त्रियांमध्ये थायरॉइडसारखी इतर कारणे नाहीत ना हे तपासून, पुढील तीनपैकी दोन गोष्टी आढळल्या तर पीसीओएसचे निदान होते:

- अनियमित पाळी
- पुरुषी संप्रेरके वाढणे (चेहऱ्यावर जाड केस, मुरुमे)
- सोनोग्राफीत अंडाशयात अनेक लहान बीजपुटिका दिसणे

म्हणून केवळ सोनोग्राफीचा रिपोर्ट पाहून घाबरू नका. पाळी सुरू होऊन आठ वर्षे झालेली नसल्यास सोनोग्राफीवरून निदान करत नाहीत.

मात्र, “लग्नानंतर पाळी आपोआप सुरळीत होईल” म्हणून थांबूही नका. उपचार न केल्यास पुढे मधुमेह, गर्भधारणेतील अडचणी आणि गर्भाशयाच्या अस्तराच्या कर्करोगाचा धोका वाढतो. पाळी वारंवार ३५ दिवसांपेक्षा लांबत असेल, तर डॉक्टरांना दाखवा.